सवाशिणींच्या रांगेबाहेर



राजर्षी शाहू महाराजांच्या स्मृतिदिनाच्या निमित्तानं कोल्हापुरात बोलायला मिळणं हा मी माझा मान समजतो. संयोजकांनी मला विषय दिला तो ‘आपलं घर आणि आपल्या चालीरीती’ असा. विषय फार मोठा आहे. चैत्रात जोतिबाच्या डोंगरावर सासनकाठी नाचवायची, बेंदराला बैलांना पुरणपोळी चारायची, भाद्रपदात तेरड्याच्या डहाळ्यांची गौर आणायची आणि तिच्या मागोमाग शंकरोबा, नवरात्रात ललित पंचमीला टेंबलाईच्या टेकडीवर कोहळा फोडण्याचा सोहळा बघायला जायचं. या जिल्ह्यातल्या घरांचं वर्ष असं गच्च भरलेलं असतं. या सगळ्यावर मनापासून प्रेम करत मी वाढलो आहे. पण आज मी एकाच गोष्टीवर थांबणार आहे. गौर आणायला घरातल्या बायका पाणवठ्यावर निघतात तेव्हा एक बाई चुलीपाशीच का राहते? लग्नात हळद लावायला सवाशिणींना हाका जातात तेव्हा प्रत्यक्ष नवरदेवाची आई कोठीच्या खोलीत नारळ का मोजत बसते?

तुम्हा सगळ्यांना उत्तर माहीत आहे. तिचा नवरा गेलेला असतो.

४ मे २०२२ रोजी आपल्याच जिल्ह्यातल्या शिरोळ तालुक्यातल्या हेरवाड गावानं या उत्तराला नकार दिला. पतीच्या निधनानंतर पत्नीचं कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र तोडणं, पायातली जोडवी काढणं या प्रथा गावात बंद करण्याचा ठराव झाला. दोनच दिवसांनी, ६ मेला, शाहू महाराजांना जाऊन १०० वर्षं पूर्ण होत होती. सकाळी दहा वाजता कोल्हापूर १०० सेकंद जागच्या जागी उभं राहिलं. गर्दीचे चौक थांबले, माणसं हात जोडून उभी राहिली. तो क्षण मोठाच होता. पण त्या शताब्दीत राजर्षींना वाहिलेली सगळ्यांत खरी आदरांजली कोणती, असं मला कुणी विचारलं तर मी हेरवाडचं नाव घेईन. सरपंच सुरगोंडा पाटील आणि त्यांच्या गावानं महाराजांचं स्मरण कागदावर उतरवलं, आणि तेही घराच्या अगदी आतल्या, नाजूक जागी हात घालून.

या ठरावामागे करमाळ्याचे कार्यकर्ते प्रमोद झिंजाडे यांचा पाठपुरावा होता. कोरोनाच्या काळात त्यांचा एक सहकारी गेला. अंत्यविधीच्या वेळी त्याच्या पत्नीवर हे सगळे सोपस्कार कसे लादले गेले ते त्यांनी पाहिलं आणि ते अस्वस्थ झाले. गावोगावी संपर्क करण्याआधी त्यांनी स्वतःपासून सुरुवात केली. आपल्या मृत्यूनंतर आपल्या पत्नीवर या प्रथा लादू नयेत, असं त्यांनी स्टॅम्प पेपरवर लिहून दिलं. ही स्टॅम्प पेपरची गोष्ट लक्षात असू द्या, मी तिच्याकडे पुन्हा येणार आहे.

पुढं काय झालं ते थोडक्यात सांगतो. हेरवाडपाठोपाठ हातकणंगले तालुक्यातल्या माणगावनं तसाच ठराव केला. १९२० साली शाहू महाराज आणि बाबासाहेब आंबेडकर एका व्यासपीठावर आले ते हेच माणगाव. १७ मे २०२२ ला राज्याच्या ग्रामविकास विभागानं परिपत्रक काढून सगळ्या ग्रामपंचायतींना हेरवाडचा कित्ता गिरवण्याचं आवाहन केलं. त्या वेळी या खात्याचे मंत्री हसन मुश्रीफ, म्हणजे कागलचेच. मग ठिकठिकाणी ठराव होत गेले.

ठराव झाले हे चांगलंच झालं. पण ग्रामसभेच्या ठरावाला शिक्षेचं कलम नसतं आणि परिपत्रक हे शेवटी आवाहन असतं. शाहू महाराजांनी १९१७ मध्ये सक्तीचं आणि मोफत प्राथमिक शिक्षण सुरू केलं तेव्हा मुलाला शाळेत न धाडणाऱ्या पालकाला महिन्याला एक रुपया दंड ठेवला होता. मूल शाळेत आलं की नाही ते हजेरीपटावर दिसतं. बाईच्या कपाळाचा हजेरीपट कोण ठेवणार? ही प्रथा घरात चालते, माजघरात चालते, आणि मरणाच्या गडबडीत चालते. तिथं सरपंच पोचत नाही.

म्हणून ती प्रथा जशी घडते तशी एकदा नीट बघू या. मी मुद्दाम सावकाश सांगतो, कारण आपण पुरुष त्या वेळी बहुतेक बाहेर अंगणात तिरडी बांधत असतो, नाहीतर पाहुण्यांना फोन लावत असतो.

वेळ घराघरांत वेगळी असते. कुठं प्रेत उचलायच्या आधी, कुठं रक्षाविसर्जनाच्या दिवशी, कुठं दहाव्याला. तिला आधी न्हाऊ घालतात. अनेक घरांत तिला सजवतात. कपाळभर कुंकू लावतात, हातात हिरव्या बांगड्या भरतात, केसांत फूल माळतात. रात्रभर रडून डोळे सुजलेली, दोन दिवस पोटात अन्न नसलेली बाई नवरीसारखी पाटावर बसवली जाते. आणि मग तेच कुंकू पुसलं जातं. मनगट धरून बांगड्या एकमेकींवर किंवा दगडावर आपटून फोडल्या जातात. काच लागते, रक्त येतं. कुणी तरी म्हणतं, जरा बेतानं. गळ्यातलं ओढून काढतात. जोडवी सहसा निघत नाहीत, वीस-तीस वर्षांत बोटं जाड झालेली असतात, मग साबण लावतात. तिची मुलगी दारात उभी राहून हे सगळं बघत असते.

आणि हे करतं कोण? नणंद, जाऊ, चुलत सासू, गल्लीतली एखादी वयस्क विधवा. यातली कुणीही दुष्ट नसते. याच बायकांनी शेजारघरांतून पिठलं-भाकरीचा कडू घास आणलेला असतो. याच तिच्या उशाशी रात्रभर बसलेल्या असतात, तिच्या लहान पोराला मांडीवर घेऊन भरवत असतात. या जिल्ह्यातलं शेजारपण मरणाच्या दिवशी जितकं उभं राहतं तितकं क्वचितच कुठं राहत असेल, आणि मला त्याचा अभिमान आहे. मला छळतं ते नेमकं हेच. इतकी माया असलेले हातच हे काम करतात. ‘करावंच लागतं’ असं त्या म्हणतात, आणि खरंच त्यांचा तसा समज असतो.

करावंच लागतं का? या करवीरनगरीचा इतिहास काय सांगतो?

छत्रपती राजाराम महाराज १७०० मध्ये सिंहगडावर वारले. ताराराणी तेव्हा पंचविशीत होत्या. पुढची सात वर्षं, औरंगजेब या मातीत संपेपर्यंत, त्यांनी मराठ्यांचं राज्य लढतं ठेवलं. आपली कोल्हापूरची गादी त्यांनी उभी केली. त्यानंतर १७६० मध्ये कोल्हापूरचे संभाजी महाराज गेले तेव्हा त्यांच्या पत्नी जिजाबाई राणीसाहेबांनी १७७३ पर्यंत कारभार ओढला, आणि तो काळ सोपा नव्हता. म्हणजे हे राज्य स्थापन करणारी आणि ते बुडू न देणारी, दोघीही विधवा. कावळा नाक्यावर आपण ताराराणींचा अश्वारूढ पुतळा उभा केला आहे. शहरात शिरणारी कितीतरी माणसं त्यांच्यासमोरून आत येतात. त्याच शहरात, नवरा नाही म्हणून एखादी बाई मुलाच्या लग्नात मांडवाच्या मागं बसत असेल, तर त्या पुतळ्याला हार घालताना आपल्याला काहीच कसं वाटत नाही?

दुसरी गोष्ट खुद्द शाहू महाराजांच्या घरातली. त्यांचे धाकटे चिरंजीव प्रिन्स शिवाजी यांचं लग्न १९१७ मध्ये इंदुमतीदेवींशी झालं. पुढच्याच वर्षी, १९१८ च्या जूनमध्ये, शिकारीच्या वेळी झालेल्या अपघातात प्रिन्स शिवाजी गेले. इंदुमतीदेवी तेव्हा जेमतेम अकरा-बारा वर्षांच्या होत्या. तरुण मुलगा गेल्याचं दुःख काय असतं ते मी सांगायला नको. प्रिन्स शिवाजी मराठा बोर्डिंग हे आजही उभं असलेलं नाव त्याच दुःखातून आलेलं आहे. पण महाराजांनी त्या दुःखात एक काम केलं. सुनेला त्यांनी जुन्या राजवाड्याच्या रीतीरिवाजात कोंडून ठेवलं नाही. सोनतळीच्या कॅम्पवर त्यांनी तिच्या शिक्षणाची व्यवस्था लावली, बरोबर शिकायला मैत्रिणी दिल्या. घरातूनच त्याला विरोध होता. राजघराण्यातल्या विधवा सुनेनं शिकायचं ही कल्पनाच लोकांना रुचणारी नव्हती. महाराज हटले नाहीत. इंदुमतीदेवी पुढं मॅट्रिक झाल्या आणि त्यांनी आयुष्यभर कोल्हापुरात मुलींच्या शिक्षणाचं काम केलं.

मला शाहू महाराजांचे सगळे कायदे थोर वाटतात. १९१७ चा विधवा पुनर्विवाहाचा कायदा घ्या, स्त्रियांना क्रूर वागणूक देण्याला आळा घालणारा १९१९ चा कायदा घ्या. पण सोनतळीचा निर्णय मला त्याहून अवघड वाटतो. राजाला दुसऱ्यांच्या घरासाठी कायदा करता येतो. स्वतःच्या घरातल्या बायकांचा रोष, भाऊबंदांची नाराजी, ‘सुनेला डोक्यावर बसवली’ अशी कुजबुज सोसून आपल्या जेवणाच्या पंगतीत बदल करणं, याला वेगळं धैर्य लागतं. आणि हे धैर्य दाखवायला राजा असावं लागत नाही. ते आपल्या प्रत्येकाच्या आवाक्यातलं आहे.

‘पूर्वापार चालत आलंय’ असं म्हणणाऱ्यांशीही मला आदरानं बोलायचं आहे. वैधव्याचे नियम आपल्या समाजात सगळीकडे सारखे कधीच नव्हते. केशवपन ही मुख्यतः वरच्या म्हणवणाऱ्या जातींतली चाल होती. उलट शेतकरी, कष्टकरी जातींत पाट लावण्याची रीत होती. विधवेचा दुसरा संसार त्या समाजाला मान्य होता. तो कमी प्रतीचा मानला जायचा, अंधारात आणि गाजावाजा न करता लागायचा, पाटाच्या बायकोला लग्नाच्या बायकोचा मान नसायचा, हे सगळं खरं. पण तिला आयुष्य होतं. मग हातात चार पैसे आले, घराणं मोठं म्हणवून घ्यायची हौस आली, आणि आपण वरच्यांचं जे उचलायला नको होतं ते उचललं. पाट लावणं कमीपणाचं ठरलं. ज्या घरांनी आपल्या आजी-पणजीचा पाट लपवला, तीच घरं आज सुनेला ‘आपल्या घराण्याची रीत’ सांगतात. ही रीत घराण्याची नव्हती, ती मिरवण्यासाठी आणलेली होती.

बदलाची रीतसुद्धा आपल्याकडे जुनीच आहे, हेही ध्यानात घ्या. जोतीराव फुल्यांनी १८६३ मध्ये पुण्यात आपल्या घरात बालहत्या प्रतिबंधक गृह काढलं आणि एका विधवेच्या पोटी जन्मलेल्या यशवंतला दत्तक घेतलं. १८९० मध्ये जोतीराव गेले तेव्हा अंत्ययात्रेत टिटवं धरून पुढं चालल्या त्या सावित्रीबाई. १८९३ मध्ये धोंडो केशव कर्व्यांनी विधवेशी लग्न केलं आणि स्वतःच्या मुरूड गावाचा बहिष्कार सोसला. कोल्हापुरात १९११ मध्ये सत्यशोधक समाजाची शाखा निघाली आणि इथल्या कितीतरी घरांनी आपली लग्नं, आपली कार्यं भटजीवाचून आपली आपण केली. तेव्हाही लोक म्हणालेच असतील की घरादाराचं वाटोळं होईल. ती घरं आजही नांदताहेत.

आता हळदीकुंकवाविषयी. संक्रांतीपासून रथसप्तमीपर्यंत आपल्या गल्लीगल्लीत बायका नटूनथटून निघतात, वाण लुटतात, तिळगूळ देतात. चैत्रात आंब्याची डाळ आणि पन्हं असतं. वर्षभर राबणाऱ्या बाईला घराबाहेर पडायचं, चार मैत्रिणींत हसायचं हे हक्काचं निमित्त आहे. हळदीकुंकू बंद करा म्हणणाऱ्यांपैकी मी नाही. माझं म्हणणं एवढंच आहे की गल्लीतल्या वीस घरांना बोलावणं जातं आणि एकविसाव्या घराला जात नाही, तेव्हा त्या एकविसाव्या घरातल्या बाईला संध्याकाळी दार लोटून बसावं लागतं. बाहेरून पैंजणांचा आवाज, हसण्याचा आवाज तिला ऐकू येत असतो. गेल्या वर्षीपर्यंत तीच सगळ्यांत आधी वाण ठरवायची, तीच म्हणायची की यंदा डबे नकोत, गाळणी देऊ. तिच्यात काय बदललं? अनेक गावांत आता विधवा भगिनींना मानानं बोलावून हळदीकुंकू होऊ लागलं आहे. हे पाहून समाधान वाटतं. फक्त एक सुचवतो. तिच्यासाठी वेगळा कार्यक्रम, वेगळा फलक, व्यासपीठावर सत्कार आणि पेपरात फोटो, असं करू नका. त्यात तिचं वेगळेपण पुन्हा उठून दिसतं. तिला त्याच ओळीत, तिच्या नेहमीच्या जागी बसवा.

इथं एक आक्षेप येतो आणि तो खरा आहे. काही बायका म्हणतात, ‘माझं मनच लागत नाही, मला नको ते कुंकू.’ अशा बाईवर आपण सुधारणेची सक्ती करायची का? मुळीच नाही. जिच्याबरोबर तीस वर्षं संसार केला तो माणूस गेल्यावर एखादीला बांगड्या काढून ठेवाव्याशा वाटल्या, तर ते तिचं दुःख आहे आणि त्या दुःखाचा मान राखला पाहिजे. तिनं त्या आपल्या हातानं, आपल्या वेळेला काढाव्यात, नाहीतर ठेवाव्यात. दुसऱ्यानं मनगट धरायचं नाही. हेरवाडच्या ठरावाचा अर्थ मी तरी असाच लावतो.

आता ज्या गोष्टीसाठी मी खरं तर इतका वेळ घेतला ती सांगतो. कपाळावरचं कुंकू आणि सातबाऱ्यावरचं नाव या दोन गोष्टी आपण वेगळ्या समजतो. त्या वेगळ्या नाहीत. ज्या बाईला घरात कार्याच्या वेळी आत बसायची सवय लावली, ती तलाठ्याच्या चावडीत पुढं येऊन ‘माझं नाव लावा’ असं म्हणत नाही. १८५६ च्या इंग्रजी कायद्यानं विधवेला पुनर्विवाहाची मुभा दिली, पण दुसरं लग्न करताच पहिल्या नवऱ्याच्या मालमत्तेवरचा हक्क काढून घेतला. त्या वेळचे कायदे करणारेसुद्धा असे जपून हात सैल सोडत होते. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्यानं चित्र बदललं. मृत्युपत्र न करता माणूस गेला तर त्याची पत्नी, आई, मुलगे आणि मुली हे सगळे पहिल्या वर्गाचे वारस, आणि त्यांच्यात विधवा पत्नीचा वाटा मुलाच्या बरोबरीचा. तो तिच्या पूर्ण मालकीचा. पोटगी म्हणून दिलेला तुकडा नव्हे.

कायदा इतका स्वच्छ असताना गावात काय चालतं? तेरावा होतो, पाहुणे पांगतात, आणि दीर म्हणतात, ‘वहिनी, वारस नोंदीचं आम्ही बघतो, तुम्ही फक्त इथं सही करा.’ ती विचारत नाही कशावर. कधी तो अर्ज असतो, कधी हक्कसोड पत्र असतं. ऊस कारखान्याला कुणाच्या नावानं जाणार, सोसायटीचं कर्ज कुणाच्या नावावर राहणार, दुधाचं बिल कुणाच्या खात्यावर जमा होणार, हे सगळं त्या एका सहीवर ठरतं. आणि तिला कळतं ते पोराच्या फीसाठी पैसे मागायची वेळ येते तेव्हा. कोरोनात आपल्या भागातले कितीतरी कर्ते पुरुष गेले. सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशामुळं त्यांच्या वारसांना ५०,००० रुपयांचं सानुग्रह अनुदान ठरलं. त्यासाठी साधा अर्ज भरतानासुद्धा कित्येक जणींच्या हातात स्वतःचं बँक पासबुक नव्हतं. म्हणून ज्या गावांनी विधवा प्रथाबंदीचा ठराव केला आहे त्यांना माझी विनंती आहे की त्याच ठरावात आणखी एक ओळ घाला. गावात पुरुष वारला की पत्नीचं नाव वारस म्हणून लागेपर्यंत ग्रामपंचायत पाठपुरावा करील. नाव लागलेल्या बाईला आत बसवणं अवघड जातं, हा गावोगावचा अनुभव आहे.

आणि आता स्टॅम्प पेपर. दुःखाच्या दिवशी कुणीही प्रथा मोडू शकत नाही. त्या दिवशी बाईच्या अंगात त्राण नसतं, मुलं भेदरलेली असतात, आणि ज्याला सगळ्यात जास्त अधिकार होता तो माणूस खाली निजलेला असतो. म्हणून हा निर्णय त्या दिवसावर सोडायचा नसतो. तो घरात सगळे धडधाकट असताना, जेवण झाल्यावर, ओट्यावर बसून घ्यायचा असतो. या सभागृहात बसलेल्या माझ्या पुरुष बांधवांना मी हात जोडून सांगतो, तुमच्या मागं तुमच्या बायकोचं काय करायचं हे तुम्ही आजच तुमच्या आईला, बहिणीला, भावजयीला सांगा. बायकोला एकटीला सांगून उपयोग नाही. त्या दिवशी तिचं कुणी ऐकणार नसतं, आणि बांगड्यांना हात घालणार त्या आई, बहीण, भावजयच. ‘माझी शपथ आहे, तिच्या कपाळाला हात लावायचा नाही,’ असं जिवंतपणी मुलानं म्हटलेलं वाक्य आईला ओलांडता येत नाही. ते लिहून ठेवलंत तर उत्तमच. लिहिताना त्याच कागदावर तिच्या हिश्श्याचंही लिहा.

भगिनींनो, तुम्हालाही एक मागणं आहे. पुढच्या वेळी घरात मुलाची किंवा मुलीची हळद असेल तेव्हा पहिली हळद कुणी लावायची हे ठरवायचा हक्क तुमचा आहे. घरातल्या ज्या बाईनं नवरा गेल्यावर एकटीनं ते पोर वाढवलं, तिच्या हातात वाटी द्या. कुणी कुरकुर केली तर करू द्या. नणंदेनं वाटी पुढं केली आणि जाऊबाईंनी मान डोलावली, की भटजी काही बोलत नाहीत आणि पाहुणेही बोलत नाहीत. येत्या लग्नसराईत आपल्या घरात एवढं जरूर करा.